उमरठची गोष्ट कोणी जपली?

मराठी शाळेत चौथी झालेल्या कोणालाही तानाजी मालुसऱ्यांची गोष्ट नव्याने सांगावी लागत नाही. रायबाचे लग्न, यशवंती घोरपड, ऐंशी वर्षांचे शेलारमामा, कड्यावरचे कापलेले दोर हे सारे प्रसंग त्याला पाठ असतात. एक प्रश्न मात्र आपण वर्गात क्वचितच विचारतो. ही गोष्ट आपल्यापर्यंत आली कशी? कोंढाणा सर झाला तो ४ फेब्रुवारी १६७० च्या रात्री. तिथे बातमीदार नव्हता, छायाचित्रकार नव्हता. तरी साडेतीनशेहून अधिक वर्षांनी पोलादपूरच्या शाळेतल्या मुलाला घोरपडीचे नावसुद्धा ठाऊक असते. मधल्या काळात ही गोष्ट कोणीतरी वाहून आणली. आधी ती माणसांनी आणली आणि गेल्या सव्वाशे-दीडशे वर्षांत माणसांच्या जोडीला यंत्रे आली. छापखाना, ध्वनिमुद्रिका, चित्रपट, चुंबकीय फीत आणि आता संगणक. या यंत्रांनी काय जपले आणि वाटेत काय सांडले, याचा हिशेब येथे मांडायचा आहे. आम्ही इतिहासाचे अभ्यासक नव्हे, रसायनशास्त्राचे. पण फिल्म आणि फिती कशा कुजतात हा आमच्या विषयाचा भाग आहे आणि त्या वाटेने आम्ही या गोष्टीपाशी येऊन पोचलो.

उमरठ हे गाव पोलादपूर तालुक्यात, सह्याद्रीच्या ऐन कुशीत आहे. तानाजींची समाधी तिथे आहे. सिंहगडावरून त्यांचा देह मढे घाटाने खाली उतरवून बिरवाडीच्या बाजूने उमरठला आणला, असे परंपरा सांगते. नकाशा उघडून बसलात तर एक गंमत दिसेल. तुळशीदास शाहिराच्या नावावर असलेल्या प्रसिद्ध पोवाड्यात शिवाजी महाराज राजगडावर आहेत, जिजाबाई प्रतापगडावर आहेत आणि बोलावणे जाते ते उमरठला. राजगडाहून प्रतापगडाकडे जाण्याची एक वाट घाट उतरून बिरवाडी-पोलादपूरच्या मुलखातून जाते. म्हणजे लढाई घाटावर झाली असली, तरी पोवाड्याचा पूर्वार्ध महाड-पोलादपूरच्या आसपासच घडतो.

बखर काय सांगते, पोवाडा काय सांगतो

याच घटनेची दुसरी नोंद कृष्णाजी अनंत सभासदाच्या बखरीत आहे. ती जिंजी येथे, राजाराम महाराजांच्या सांगण्यावरून, घटनेनंतर सुमारे पाव शतकाने लिहिली गेली. सभासदाची हकिकत आटोपशीर आहे. निवडक पाचशे माणसे, वानरासारखे कडा चढून जाणारे दोघे, वर झालेले घनघोर युद्ध, तानाजी आणि उदेभान दोघांचाही अंत, सूर्याजीने सावरलेली फौज आणि फत्ते झाल्याची खूण म्हणून पागेला लावलेली आग. घोरपड नाही, रायबाचे लग्न नाही, शेलारमामा नाहीत.

पोवाड्यात हे सगळे आहे आणि शिवाय फौज आहे बारा हजारांची. जिजाबाई प्रतापगडावरून सिंहगड पाहतात, महाराजांना बोलावून घेतात, सोंगट्यांचा डाव मांडतात आणि पणात सिंहगड मागतात. उदेभानाच्या बाजूने चंद्रावळी नावाचा हत्तीसुद्धा लढायला येतो.

शिक्षकांना यातून वर्गात करण्यासारखे एक काम सुचते. आगीची खूण राजगडावरून दिसली असेल का? राजगड ते सिंहगड हे सरळ रेषेतले अंतर सुमारे पंधरा किलोमीटर, दोन्ही गड उंच; एक गड दुसऱ्यावरून स्पष्ट दिसतो. तेव्हा रात्री पेटलेली पागा दिसणे अगदी शक्य आहे. आता प्रतापगड घ्या. तिथून सिंहगड सुमारे पन्नास किलोमीटरवर आहे. पृथ्वीच्या गोलाईमुळे या अंतराच्या मध्यावर दृष्टिरेषा जेमतेम पन्नास मीटरने अडते, आणि दोन्ही गड हजार मीटरहून उंच आहेत. म्हणजे गोलाईची अडचण नाही. अडचण आली तर मधल्या डोंगरांची येईल. समोच्चरेषांचा नकाशा घेऊन मुलांनी दोन गडांमध्ये रेषा मारावी, वाटेतल्या डोंगरांच्या उंचीचा छेद आलेखकागदावर काढावा आणि जिजाबाईंना सिंहगड दिसला असता का ते स्वतः ठरवावे. उत्तर आम्ही सांगत नाही. भूगोल आणि इतिहास एकाच तासाला शिकवण्याची अशी संधी वारंवार येत नाही.

‘सिंहगड’ या नावाचेही तसेच. तानाजींच्या मृत्यूनंतर कोंढाण्याला हे नाव पडले अशी समजूत आहे. पण १६६३ सालच्या पत्रात सिंहगड हे नाव आधीच येते.

मग पोवाडा खोटा म्हणायचा काय? हा प्रश्न मुले हमखास विचारतात आणि तो योग्यच आहे. पण पोवाड्याकडे बखरीसारखे पाहिले तर त्याचे उत्तर चुकीचे मिळेल. पोवाडा वाचण्यासाठी नव्हता. शाहिराने डफावर थाप मारायची, तुणतुण्याने सूर धरायचा, झीलकऱ्यांनी ‘जी जी’ म्हणत ओळ उचलायची आणि समोर बसलेल्यांनी मध्येच दाद द्यायची, अशी ती तासन्‌तास चालणारी घटना होती. गाव बदलला की श्रोते बदलत. उमरठच्या आसपासच्या श्रोत्यांपुढे मालुसऱ्यांच्या घराचे वर्णन लांबत असेल, घाटावरच्या श्रोत्यांपुढे गडाचे. असे म्हणण्याला तर्कापलीकडे काही आधार आहे का? आहे, पण तो सापडला महाराष्ट्राबाहेर. त्याकडे वळण्याआधी छापखान्याचा टप्पा पाहून घेऊ.

छापखाना

हॅरी आर्बथनॉट अ‍ॅक्वर्थ हे सनदी नोकरीतले इंग्रज अधिकारी १८९० पासून काही वर्षे मुंबईचे म्युनिसिपल कमिशनर होते. माटुंग्याचे कुष्ठरुग्णालय उभारणारे म्हणून त्यांचे नाव मुंबईकरांना परिचित आहे. या गृहस्थांना पोवाड्यांचा नाद होता. शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्या साहाय्याने त्यांनी गोंधळ्यांच्या तोंडचे पोवाडे उतरवून घेतले आणि १८९१ साली ‘इतिहासप्रसिद्ध पुरुषांचे व स्त्रियांचे पोवाडे’ हा संग्रह प्रसिद्ध झाला. तीन वर्षांनी, १८९४ साली, त्यांतील निवडक पोवाड्यांचे अ‍ॅक्वर्थ यांनी केलेले इंग्रजी पद्य रूपांतर लंडनला छापले गेले. पुढे य. न. केळकरांनी हे काम अधिक शास्त्रीय पद्धतीने केले. त्यांच्या ‘ऐतिहासिक पोवाडे’ या ग्रंथाचा पहिला भाग १९२८ चा आहे.

अ‍ॅक्वर्थ-शाळिग्राम यांचे आपल्यावर मोठे ऋण आहे. त्यांनी हे केले नसते तर तुळशीदासाचे नाव आज किती जणांना ठाऊक असते, कोण जाणे. पण उतरवून घेणे म्हणजे काय, याचा थोडा विचार करावा. गाणारा गातो त्या वेगाने कोणी लिहू शकत नाही. म्हणून त्याला थांबवावे लागते, ओळ पुन्हा म्हणायला सांगावे लागते. डफ बाजूला ठेवला जातो, झीलकरी गप्प बसतात, श्रोते नसतातच. सुरांची नोंद होत नाही. जो उरतो तो शब्दांचा एक पाठ, त्या दिवशी त्या माणसाने संथपणे सांगितलेला. आणि तो एकदा छापला की तोच ‘खरा’ पोवाडा ठरतो. पुढचा शाहीर पुस्तकातून पाठ करतो आणि पाठांतर चुकले तर त्याला चूक म्हणतात. त्याच्या आजोबाच्या बाबतीत ती चूक नव्हती.

या पाठाची भाषा पाहून, पोवाड्याचे आजचे रूप शिवकाळानंतरचे असावे असे अनेक अभ्यासकांना वाटते. यात नवल नाही. दोनशे वर्षे तोंडोतोंडी फिरलेली वस्तू १८९१ साली एका क्षणी गोठवली. गोठलेल्या नदीवरून तिच्या उगमाचे पाणी ओळखायचे कसे?

तबकडीने उलगडलेले कोडे

आता वर म्हटलेला आधार. मिल्मन पॅरी हे अमेरिकेतील हार्वर्ड विद्यापीठातले ग्रीक भाषेचे तरुण प्राध्यापक. होमरची महाकाव्ये लेखणीने रचलेली नसून गाणाऱ्यांच्या मौखिक परंपरेतून आली, असा त्यांचा सिद्धान्त होता. पण होमरचे गायक तर कधीच गेले. तेव्हा जिवंत गायक शोधण्यासाठी ते युगोस्लाव्हियात गेले. तिथल्या डोंगराळ भागात गुस्ले नावाच्या एकतारी वाद्यावर वीरगाथा गाणारे लोक अजून होते. आपल्या गोंधळ्यांचे आणि शाहिरांचे हे दूरचे भाऊबंदच म्हणायचे.

१९३४-३५ साली पॅरींनी तिथे नेलेले यंत्र पाहण्यासारखे आहे. त्या वेळच्या ध्वनिमुद्रिकेची एक बाजू चार-पाच मिनिटांत संपे. गाथा तर तासन्‌तास चाले. म्हणून त्यांनी कनेक्टिकटमधील एका कारखान्याकडून दोन फिरत्या तबकड्यांचे यंत्र करून घेतले. एक अ‍ॅल्युमिनियमची तबकडी भरत आली की खटका दाबून दुसरी सुरू करायची आणि तेवढ्यात पहिली बदलायची. गायकाला थांबावे लागत नसे. अशा साडेतीन हजारांहून अधिक तबकड्या त्यांनी जमवल्या. पॅरी १९३५ च्या डिसेंबरात, अवघ्या तेहतिसाव्या वर्षी वारले. त्यांचे काम त्यांचे विद्यार्थी आल्बर्ट लॉर्ड यांनी पुढे नेले आणि १९६० साली ‘द सिंगर ऑफ टेल्स’ या ग्रंथात मांडले.

त्यात जेमाइल झोगिच नावाच्या गायकाची हकिकत आहे. झोगिचने एक गाथा दुसऱ्या गायकाकडून ऐकून घेतली होती. आपण ती शब्दशः तशीच गातो आणि वीस वर्षांनीही शब्दशः तशीच गाऊ, असे त्याने १९३४ साली ठामपणे सांगितले. सतरा वर्षांनी, १९५१ साली, लॉर्ड पुन्हा त्याच्याकडे गेले आणि तीच गाथा त्याच्याकडून गाऊन घेतली. दोन्ही मुद्रणे ताडून पाहिली तेव्हा कथा तीच, प्रसंगांचा क्रम बहुतेक तोच, पण ओळी मात्र तशाच नव्हत्या. झोगिच खोटे बोलत नव्हता. त्याच्या लेखी ‘शब्द’ म्हणजे आपण छापील पानावर मोजतो ती वस्तू नव्हतीच. त्याने ओळी पाठ केल्या नव्हत्या. ठरावीक साचे, ठरावीक वर्णने, ठरावीक प्रसंग त्याच्या अंगी मुरले होते आणि त्यांतून तो गाथा दर वेळी नव्याने घडवत होता. अवदो मेजेदोविच या निरक्षर गायकाने १९३५ साली याच रीतीने बारा हजारांहून अधिक ओळींची एक गाथा तोंडी सांगून उतरवून दिली.

हे कोडे उलगडले ते सलग आणि पुन्हा पुन्हा मुद्रण करता आल्यामुळे. एकच प्रत घेतली असती तर काहीच कळले नसते. प्रयोगशाळेत आपण एका वाचनावर विश्वास ठेवत नाही, तीन वाचने घेतो. पॅरी-लॉर्ड यांनी गाण्याची दोन वाचने घेतली, एवढेच.

आता तुळशीदासाच्या पोवाड्याकडे पुन्हा पाहा. प्रतापगडावरची जिजाबाई, बारा हजार फौज, घोरपड हे सगळे गाणाऱ्याच्या हाताशी असलेले साचे म्हणून पाहिले, तर पोवाडा खरा की खोटा हा वाद बराच सौम्य होतो. दुर्दैव असे की आपल्याकडे १८९१ च्या त्या पाठाला जोडून ठेवायला त्या काळचे दुसरे वाचनच नाही.

तीन मिनिटांचा पोवाडा

भारतात व्यापारी ध्वनिमुद्रणाला सुरुवात झाली १९०२ साली. लंडनच्या ग्रामोफोन कंपनीचे फ्रेड गायस्बर्ग कलकत्त्याला आले आणि गौहरजान यांच्यासारख्या गायिकांचे गाणे त्यांनी मुद्रित केले. मूळ मुद्रणे जर्मनीत हॅनोव्हरला जात आणि तिथे तबकड्या तयार होत. कारागिरांना भाषा कळत नसे, म्हणून गायकाने शेवटी स्वतःचे नाव मोठ्याने सांगायचे, अशी पद्धत पडली. १९०८ साली कलकत्त्यात कारखाना निघाला. या तबकड्या लाखेच्या असत आणि लाख हे आपल्याच देशातल्या किड्याचे उत्पादन, हे विज्ञानशिक्षकांना सांगायला नको.

दहा इंची, मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या तबकडीची एक बाजू सुमारे तीन मिनिटांची. बैठकीतला ख्याल त्यात बसवताना गवयांची तारांबळ उडाली, ते संगीताच्या इतिहासात नोंदलेले आहे. पोवाड्याची अडचण वेगळी. ख्याल छोटा केला तरी राग राहतो. कथा छोटी केली तर कथेचे सारच उरते. घोरपड चढली, दोर कापले, तानाजी पडले, संपले. शाहीर श्रोत्यांना ताणून धरतो, एखाद्या प्रसंगापाशी थबकतो, गद्यात दोन शब्द बोलतो, हे सारे तीन मिनिटांबाहेर राहिले. मात्र प्रथमच एक गोष्ट जपली गेली, जी अ‍ॅक्वर्थना जपता आली नव्हती. ती म्हणजे आवाज, त्याची फेक आणि डफाची थाप.

पडद्यावरचा सिंहगड

चित्रपटाला या गोष्टीचे आकर्षण फार लवकर वाटले. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या बाबूराव पेंटर यांनी १९२३ साली ‘सिंहगड’ हा मूकपट काढला. आधार होता हरि नारायण आपट्यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीचा. पेंटर हे मोठे हिकमती गृहस्थ. दामल्यांच्या मदतीने त्यांनी स्वतःचा कॅमेरा घरीच तयार केला होता. ‘सिंहगड’च्या चित्रणात त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला आणि भारतीय चित्रपटातला असा हा पहिलाच प्रयोग मानला जातो. या मूकपटात शेलारमामा झालेला तरुण म्हणजे व्ही. शांताराम. दहा वर्षांनी, १९३३ साली, त्याच शांतारामांनी प्रभातसाठी ‘सिंहगड’ बोलपट दिग्दर्शित केला. पुढे २०२० साली हिंदीत ‘तान्हाजी’ आणि २०२३ साली मराठीत ‘सुभेदार’ आला.

पेंटरांचा कॅमेरा पोवाड्याकडे नव्हे, तर कादंबरीकडे वळला, हे ध्यानात घ्यावे. त्यामुळे कादंबरीतली कमलकुमारी गोष्टीत घट्ट बसली. सभासदाच्या बखरीत ती शोधून सापडणार नाही. कमला नावाची राजपूत स्त्री २०२० च्या चित्रपटातही आहे. एकदा पडद्यावर माणूस दिसले की त्याला गोष्टीतून काढणे कठीण जाते. पोवाडा ऐकताना प्रत्येक श्रोत्याचा तानाजी निराळा असे. चित्रपटाने सर्वांना एकच चेहरा दिला.

तेव्हा या चित्रपटांनी जपले काय? गोष्ट जपली, आणि ती लाखो लोकांपुढे नेली. सांगण्याची रीत जपली नाही. तो त्यांचा उद्देशही नव्हता. पण कॅमेऱ्याला हे जमतच नाही असे नाही. मणी कौल या प्रयोगशील दिग्दर्शकाने १९७७ साली ‘चित्रकथी’ हा लघुपट केला. त्याचा विषय आहे आपल्याच कोकणातली, सिंधुदुर्ग जिल्ह्यात कुडाळजवळच्या पिंगुळीच्या ठाकर कलावंतांची परंपरा. कागदावर रंगवलेली चित्रे एकामागून एक समोर धरायची आणि वाद्याच्या साथीने रामायण-महाभारतातल्या कथा गाऊन सांगायच्या, असा हा प्रकार आहे. चित्रे बदलत जातात आणि आवाज कथा पुढे नेतो. एका अर्थी तो सिनेमाचा पूर्वजच आहे. याच परंपरेतले परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली. पेंटर-शांतारामांनी कथा घेतली आणि कथेकरी बाहेर ठेवला. कौल यांनी कथेकऱ्याची कलाच चित्रपटाचा विषय केली. तानाजीच्या पोवाड्याच्या वाट्याला असा एखादा लघुपट त्या काळात यायला हवा होता, असे आम्हाला फार वाटते.

ज्यांच्यापर्यंत यंत्र उशिरा पोचले

अ‍ॅक्वर्थ यांच्या संग्रहाचे नाव पुन्हा वाचावे. इतिहासप्रसिद्ध पुरुष आणि स्त्रिया. जे इतिहासप्रसिद्ध नाहीत त्यांच्या कथांना कागद, तबकडी आणि फिल्म फार उशिरा मिळाली. महाड म्हटले की किल्ल्याइतकेच चवदार तळे आठवते. २० मार्च १९२७ च्या त्या घटनेनंतर चळवळीची गाणी आंबेडकरी जलशांतून गावोगाव पोचली. त्यांतली किती गाणी गाणाऱ्यांच्या आवाजात ध्वनिमुद्रित झाली? फारच थोडी.

बायकांच्या ओव्यांचे तसेच. पहाटे जात्यावर दळताना गायलेल्या ओव्यांत सीता आहे, भाऊ आहे, सासुरवास आहे, विठ्ठल आहे. गावात पिठाची गिरणी आली आणि जाते थांबले. जाते थांबले तशी ओवीही थांबली. एका यंत्राने गाण्याचे निमित्तच काढून घेतले. दुसऱ्या यंत्राने त्यातले काही वाचवले, हेही खरे. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी पॉइतवां यांनी १९८० च्या दशकापासून कार्यकर्त्या स्त्रियांच्या मदतीने ओव्या गोळा केल्या. संख्या एक लाखाच्या वर गेली आणि गावे हजाराहून अधिक झाली. बर्नार्ड बेल या संगणक आणि संगीत दोन्ही जाणणाऱ्या अभ्यासकाने १९९० च्या दशकात त्यांतल्या बऱ्याच ओव्यांचे ध्वनिमुद्रण केले. १९९६ साली बीड जिल्ह्यात माजलगावच्या भीमनगरात बाबासाहेबांवरच्या ओव्या मुद्रित झाल्या, त्या याच कामातल्या. पुढे हा संग्रह ‘पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया’कडे आला आणि आता तो कोणालाही ऐकता येतो. प्रत्येक ओवीला गाणारीचे नाव आणि गाव जोडलेले आहे. १८९१ च्या गोंधळ्यांना एवढा मान मिळाला नव्हता.

जर्मन अभ्यासक गुंथर सोन्थायमर यांनी धनगरांच्या बिरोबा-धुळोबाच्या ओव्या फितीवर घेतल्या. ते १९९२ साली गेले; त्यांनी मुद्रित केलेल्या दोन मोठ्या कथा अ‍ॅन फेल्डहाउस यांच्या संपादनाखाली इंग्रजीत २०१४ साली प्रसिद्ध झाल्या. दोन घटनांमधल्या वर्षांत फिती टिकल्या म्हणून हे शक्य झाले. त्या नेहमी टिकतातच असे नाही.

कागदाला वाळवी, फिल्मला आम्ल

येथे आमचा विषय येतो. पेंटरांच्या आणि शांतारामांच्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. हा पदार्थ बंदुकीच्या धूररहित दारूचा सख्खा भाऊ. साठवणीत त्याचे हळूहळू विघटन होते, नायट्रोजनची ऑक्साइडे बाहेर पडतात, हवेतल्या बाष्पाशी त्यांचे नायट्रिक आम्ल बनते आणि हे आम्ल उरलेल्या फिल्मचे विघटन आणखी वाढवते. म्हणजे रोगच रोगाला खतपाणी घालतो. फार विघटन झालेली फिल्म चाळीस अंश सेल्सियसच्या आसपासही आपोआप पेटू शकते, आणि ज्वलनाला लागणारा ऑक्सिजन तिच्यातच असल्यामुळे पाण्याखालीही जळत राहते. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातल्या फिल्मच्या कोठीला आग लागली आणि नायट्रेटच्या अनेक जुन्या फिल्म गेल्या. ज्यांच्या प्रती सुरक्षित फिल्मवर आधीच काढल्या होत्या, ते चित्रपट आज पाहता येतात. महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या मूकपटांपैकी तर थोडेसे तुकडेच हाती उरले आहेत.

पुढची अ‍ॅसिटेट फिल्म पेटत नाही, पण दमटपणात तिच्यातून अ‍ॅसेटिक आम्ल सुटते. डबा उघडताच व्हिनेगरचा वास येतो आणि फिल्म आक्रसू लागते. कॅसेटच्या फितीत लोहाच्या ऑक्साइडचे कण बहुवारिकाच्या चिकटद्रव्यात बसवलेले असतात. काही प्रकारच्या फितींत हे चिकटद्रव्य बाष्प शोषून जलविच्छेदनाने तुटते, फीत चिकट होते आणि वाजवायला गेले तर चुंबकीय थर यंत्राला चिकटून येतो. अशी फीत पन्नास-पंचावन्न अंशांना काही तास तापवून तात्पुरती वाजवण्याजोगी करता येते; तेवढ्यात तिची प्रत काढून घ्यायची. हे काम जाणकाराचे आहे, घरच्या ओव्हनमध्ये करू नये.

महाड-पोलादपूर पट्ट्यात वर्षाला तीन हजार मिलीमीटरहून अधिक पाऊस पडतो. वरच्या तिन्ही पदार्थांसाठी इतकी प्रतिकूल हवा महाराष्ट्रात थोड्याच ठिकाणी असेल. त्यात २२ जुलै २०२१ चा दिवस आला. सावित्री आणि गांधारीच्या पुराने महाड शहर बुडाले; त्याच दिवशी महाड तालुक्यातल्या तळिये गावावर दरड कोसळून ऐंशीहून अधिक माणसे गेली; पोलादपूर तालुक्यातही दरडी कोसळल्या. माणसांपुढे कॅसेटींचा विचार कोणी करू नये. पण अशा गावातून माणसांबरोबर त्यांच्या कथाही जातात, आणि त्या कोणी कुठे नोंदवल्या नसतील तर पुन्हा मिळत नाहीत, हेही तितकेच खरे आहे.

आपल्या शाळेत

संगणकावरची नोंद कुजत नाही, पण तीही आपोआप टिकत नाही. तबकडी, कार्ड, मोबाईल सगळे बिघडते आणि नोंदीचे प्रकार कालबाह्य होतात. तिचा एकच मोठा गुण आहे. प्रतीची प्रत काढताना तिच्यात घट होत नाही, तेव्हा प्रती भरपूर काढाव्या आणि त्यांतली एक तरी दुसऱ्या गावी ठेवावी. पुराच्या प्रदेशात ही अट महत्त्वाची.

गौरी-गणपतीत महाड-पोलादपूरच्या वाड्यांवर जाखडी नाचते. मध्ये गवई, भोवती फेर धरणारी मंडळी. शक्ती आणि तुरा अशा दोन पक्षांत पुराणकथांतली कोडी घातली आणि सोडवली जातात. मुंबईहून आलेले चाकरमानी मोबाईलवर ती टिपतात. बहुतेक चित्रणांत नाचणाऱ्यांचे पाय दिसतात आणि गवयाचे शब्द ऐकू येत नाहीत. विद्यार्थ्यांना सांगावे की ध्वनिग्राहक गवयाजवळ ठेवा. सुरुवातीला तारीख, गाव, वाडी, आणि त्यांची परवानगी असेल तर गवयाचे नाव, हे मोठ्याने बोला. हॅनोव्हरला जाणाऱ्या तबकडीवर गौहरजान बोलत होत्या तसे. श्रोत्यांचा गलका कापून टाकू नका, तोही नोंदीचा भाग आहे. गवयाला मध्येच थांबवू नका. ही कथा कोणाकडून शिकलात आणि त्यांच्याहून वेगळे काय म्हणता, हे नंतर निवांत विचारा. दुसऱ्या वर्षी त्याच गवयाकडून तीच कथा पुन्हा मुद्रित करा आणि दोन्ही मुद्रणे शब्दशः उतरवून शेजारी शेजारी ठेवा. कोणत्या ओळी तशाच राहिल्या, कोणत्या बदलल्या, कोणता प्रसंग लांबला याचा तक्ता आठवी-नववीची मुले सहज करू शकतात. गवई म्हणेल, मी तर तेच गायले. त्याच्याशी वाद घालू नये. झोगिचही तेच म्हणाला होता.